दुसरी छाननी

आमच्या शेडमध्ये एकच खुर्ची आहे आणि ती वाचकाची. बाकी सगळ्या बाया लांब बाकांवर बसतात. मांडीवर सूप, सुपात कापलेली पानं, तंबाखू, दोरा. हात विड्या वळत असतात आणि कान खुर्चीकडे असतात. सकाळी पेपर, जेवणानंतर कादंबरी. वाचकाने दिवसभर वाचायचं आणि त्याच्या वाटच्या विड्या बाकीच्यांनी थोड्याथोड्या वळून द्यायच्या, ही आमच्या कण्णूरकडची जुनी रीत. माझे वडील अंबू या खुर्चीत बसून म्हातारे झाले. त्यांच्या मागे मी बसते; वाचन नसेल तेव्हा मीही विड्या वळते. गर्व बरा नव्हे म्हणतात, पण मला आहे. त्यांच्या तोंडून ऐकूनऐकून इथल्या अडाणी माणसांनी दोन महायुद्धं समजून घेतली, रशियातल्या जाड जाड कादंबऱ्या संपवल्या आणि मुलांची नावंही त्यांतली ठेवली.

वडिलांचे दोन नियम होते. ज्याला कळलं नाही त्याने ‘थांब’ म्हणायचं आणि वाचकाने मुकाट्याने थांबायचं, मग थांबवणारा कितीही मठ्ठ असो. दुसरा नियम असा की, वाचून झाल्यावर ऐकणाऱ्यांपैकी एकाने ते आपल्या शब्दांत परत सांगायचं. सांगताना तो चुकला तर चूक वाचणाऱ्याची. बरोबर सांगितलं तर सगळ्यांनी पानं कापायच्या पत्र्यावर कात्र्या वाजवायच्या. तो कात्र्यांचा खडखडाट हीच वाचकाची शाबासकी. वडिलांना ती रोज मिळायची. मलाही मिळते, अग्रलेखाच्या दिवशी जरा कमी.

आता माझ्या मुलीचं सांगते. अंजुषा कोचीला कॉलेजात संख्याशास्त्र शिकवते आणि ‘ऊहम’ नावाचा पॉडकास्ट चालवते. ऊहम म्हणजे अंदाज. नाणं दहा वेळा सरळ पडलं तर अकराव्यांदा काय पडेल, पावसाचा अंदाज चुकला म्हणजे खरंच चुकला का, असली कोडी घेऊन ती बोलते. दुबईतून, दोह्यातून लोक तिला ऐकतात. एकदा पेपरात तिचा फोटो आला होता आणि तो पेपर मी इथे, याच खुर्चीत बसून वाचला. त्या दिवशी कात्र्या वाजल्या, पण त्या माझ्यासाठी वाजल्या. तिचा पॉडकास्ट मी स्पीकरवर लावला तेव्हा वाजल्या नाहीत.

ते वाढदिवसांचं कोडं होतं. खोलीत तेवीस माणसं असली तर त्यांतल्या दोघांचा वाढदिवस एकाच तारखेला असण्याची शक्यता निम्म्याहून जास्त, असं अंजुषा मोठ्या उत्साहाने सांगत होती. बाकावरची शैलजा म्हणाली, “थांब. यात नवल काय? या शेडमध्ये निम्म्यांचा वाढदिवस पंचवीस मे.”

“माझासुद्धा पंचवीस मे,” मागून आवाज आला.

“शाळेत नाव घालताना हेडमास्तरने सगळ्यांना तीच तारीख वाटली. त्याला दुसरी आठवत नव्हती,” आणखी एकीने सांगितलं.

सगळ्या खिदळायला लागल्या. स्पीकरमधून अंजुषा बोलतच होती. ती थांबणार कशी? पुष्पेच्ची म्हणाली, “चंद्री, पोरगी तुझी हुशार आहे गं. पण बंद कर आता, तू पेपर वाच.” मी बंद केला. त्या दिवशी संपादकीय मी जरा जास्तच मोठ्याने वाचलं.

पुष्पवल्ली माझ्याहून दोन वर्षांनी मोठी, म्हणून मी तिला पुष्पेच्ची म्हणते; एच्ची म्हणजे ताई. शेडमधली सगळ्यांत सुबक विडी तिची. दिवसाला हजार वळते, त्यांत वाईट निघाल्या तर दहा. जीभ मात्र कात्रीहून धारदार. संध्याकाळी दामोदरन मेस्त्री विड्या तपासायला येतो. सैल, फाटकी, तोंड नीट न मोडलेली विडी तो बाजूला छाटतो, आणि रोज पुष्पेच्चीचं आणि त्याचं वाजतं. आम्हाला ते कादंबरीपेक्षा आवडतं.

पावसाळा सरल्यावर शेडसमोर तपासणीची बस आली. बायकांच्या छातीच्या कॅन्सरची तपासणी, फुकट. युनियनने आणली होती, म्हणून सगळ्या गेल्या. आठवड्याने तिघी-चौघींना फोन आले : दुसऱ्या तपासणीसाठी कण्णूरच्या इस्पितळात या. त्यांत पुष्पेच्ची होती.

बाकीच्या रडल्या आणि गेल्या. पुष्पेच्ची रडली नाही आणि गेलीही नाही. तिने फोनवरच्या नर्सला एवढंच विचारलं, “तुमचं मशीन किती बरोबर असतं?” नर्स म्हणाली, “नव्वद टक्के, अम्मा.” झालं. पुष्पेच्चीने हिशेब मांडला : नव्वद टक्के आपल्याला आहे. तिची थोरली बहीण याच दुखण्याने इस्पितळात तीन पावसाळे झिजून गेली होती. शेवटी शेवटी ती घरी न्या म्हणायची आणि डॉक्टर आणखी एक तपासणी करू म्हणायचे. पुष्पेच्चीने तिचं सगळं केलं होतं.

“मी नाही जायची,” ती मला म्हणाली. “आहे तर आहे. उकलून कशाला बघायचं? असेन तोवर विड्या वळेन.”

“अगं, दहा टक्के नसण्याचीही आहे ना!”

“तू पेपर वाच, चंद्री. डॉक्टरकी करू नकोस.”

दुसऱ्या दिवशी तिने आपली जुनी कात्री शैलजाला दिली. तिची कात्री! कुणी हात लावला तर कावायची ती. मग पान कापायचा पत्रा माझ्या सुपात आणून ठेवला. “तुझा वाकलाय,” म्हणाली. मी तो तिच्या सुपात परत टाकला, तिने पुन्हा माझ्या सुपात टाकला. मेस्त्रीने तिच्या विड्या छाटल्या तरी ती काही बोलेना. तो बिचारा मुद्दाम दोन चांगल्या विड्या छाटून तिच्याकडे बघत राहायचा. शेडमध्ये सगळ्यांना कळत होतं काय चाललंय ते.

मी अंजुषाला फोन लावला. सगळं ऐकून ती म्हणाली, “अम्मा, नव्वद टक्क्यांचा अर्थ तो नाहीच! लोक नेहमी हीच चूक करतात. मी यावर भाग करते. पुष्पेच्चीसाठी करते.” मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू! ती रात्रंदिवस खपली आणि चार दिवसांत भाग पाठवला. सुरुवातीला वीणा वाजत होती.

मी तो शेडमध्ये लावला. पहिल्याच वाक्यात ‘सशर्त संभाव्यता’ आली. पुढे ‘पूर्वानुमान’ आलं, ‘संवेदनशीलता’ आली. बाया एकमेकींकडे बघू लागल्या. कुणी ‘थांब’ म्हणेना, आणि हे मला फार लागलं, कारण आमच्याकडे माणूस लाजेखातर किंवा कीव करून गप्प बसला तरच ‘थांब’ म्हणत नाही. पंचवीस मिनिटांनी भाग संपला.

“परत कोण सांगणार?” मी विचारलं.

सगळ्यांनी माना खाली घातल्या. पुष्पेच्ची म्हणाली, “आवाज गोड आहे पोरीचा. जरा दोरा दे इकडे.”

संध्याकाळी मी अंजुषाला फोनवर झाडली. ती चिडली. “अम्मा, मी सोपं करूनच सांगितलंय! याहून सोपं केलं तर ते चूक होईल.”

“मग तुला ते कळलेलं नाही.”

“मला कळलेलं नाही? मी डॉक्टरेट केलीय त्याच्यात!”

“तुझे आजोबा सातवी पास होते. ते म्हणायचे, ऐकणाऱ्याला कळलं नाही तर आडातच काही नाही. पोहरा बदलून काय होणार? तुला तिकडे खोलीत बसून बोलायची सवय झालीय. तुला थांबवणारं कुणी नाही. ये इथे आणि बस खुर्चीत.”

ती म्हणाली, “मला भीती वाटते त्या खुर्चीची.” हे मला माहीत नव्हतं. लहानपणी ती आजोबांच्या पायाशी बसून पानांचे तुकडे गोळा करायची, खुर्चीत मात्र कधी चढली नाही. मी म्हटलं, “वाटायलाच पाहिजे. ये.”

ती सकाळच्या गाडीने आली. छोटा माइक आणि पिशवीभर तयारी घेऊन आली. मी तिला पुट्टू-कडला खायला घातलं आणि शेडमध्ये नेलं. बाया तिला बघून खूश झाल्या. कुणी गाल ओढले, कुणी लग्नाचं विचारलं. पुष्पेच्ची म्हणाली, “बस मोळे, बस बाळा. मी ऐकते. पण जाणार नाही, हे आधीच सांगते.”

अंजुषा खुर्चीत बसली. “तपासणी नव्वद टक्के बरोबर असते,” ती म्हणाली, “याचा अर्थ...”

“थांब,” शैलजा म्हणाली. “टक्के म्हणजे शंभरातले ना? शंभर काय? शंभर बाया, शंभर मशीनं, की शंभर फोन?”

अंजुषाने तोंड उघडलं आणि मिटलं. तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी ओळखलं. वडिलांच्या चेहऱ्यावर यायचं ते, कुणी नेमक्या जागी बोट ठेवलं की. “बरोबर विचारलंत, एच्ची,” ती हळूच म्हणाली. “तेच सांगायचं राहतं. ज्यांना खरंच आजार आहे अशा शंभर बाया. त्यांतल्या नव्वदजणींचा आजार मशीनला दिसतो.”

“मग माझा दिसला,” पुष्पेच्ची म्हणाली. “तेच तर मी म्हणतेय.”

“नाही, उलटं आहे ते. आजार असेल तर मशीन बोलतं, म्हणजे मशीन बोललं तर आजार आहे असं नाही. समजा, एका पिशवीत लाल आणि पांढरे मणी आहेत...”

“थांब. मणी कशाला आणतेस मध्ये?”

“बरं, मणी नको. समजा पाऊस येणार असला की बेडूक ओरडतात...”

“थांब. आमचा बेडूक बाराही महिने ओरडतो.”

कुणीतरी हसलं, अंजुषा हसली नाही. तिने माइककडे बघितलं, हातातल्या कागदांकडे बघितलं आणि कागद पिशवीत घातले. आता काय बोलावं ते तिला सुचत नव्हतं आणि ते लपवायचं कसं तेही येत नव्हतं. मला उठून तिला जवळ घ्यावंसं वाटत होतं. पण खुर्चीतल्या माणसाला मदत करायची नाही, हाही एक नियमच आहे. मी नुसत्या विड्या वळत राहिले, आणि त्या सगळ्या सैल झाल्या.

तेवढ्यात दामोदरन मेस्त्री आला. त्या दिवशी तो लवकर आला होता, पोरगी बोलणार म्हणून. रिकामं कशाला बसायचं म्हणून त्याने पुष्पेच्चीचं सूप ओढलं आणि छाटायला लागला. एक फेकली, दोन फेकल्या, पाच फेकल्या. दहावी की अकरावी फेकली तेव्हा पुष्पेच्चीच्या तोंडाचं कुलूप निघालं.

“ती का फेकलीस रे? डोळे आहेत की गुलाबजाम?”

मेस्त्रीचा चेहरा असा उजळला की काय सांगू. “सैल आहे,” तो म्हणाला.

“सैल तुझं कमरेचं मुंडू! शंभर छाटशील, त्यांतल्या नव्वद चांगल्या निघतील. रोजचंच आहे हे!”

अंजुषा खुर्चीत ताठ झाली. “एच्ची, काय म्हणालात? शंभरांतल्या नव्वद चांगल्या?”

“तर काय!”

“म्हणजे मेस्त्रीमामांना वाईट विडी ओळखता येत नाही?”

“असं कोण म्हणतं?” पुष्पेच्ची उसळली. मेस्त्रीला शिव्या द्यायचा हक्क फक्त तिचा. “घारीचा डोळा आहे त्याचा. दहा वाईट विड्या असल्या तर नऊ पकडेल. एखादीच सुटेल.”

“मग ते नव्वद टक्के बरोबरच झाले. तरी त्यांनी छाटलेल्यांत बहुतेक चांगल्याच? असं कसं?”

“असं कसं म्हणजे?” पुष्पेच्चीने कपाळावर हात मारला. “मोळे, तू कॉलेजात शिकवतेस ना? वाईट आहेतच किती? हजारांत दहा! मी काय आज विडी वळायला शिकतेय? त्या दहांतल्या नऊ तो पकडणार. आणि चांगल्या आहेत ढीगभर, हजाराला दहा कमी. त्यांतल्या शंभराला नऊ जरी त्याने घाईघाईत, संशयाने फेकल्या तरी झाल्या की नव्वद! म्हणून फेकलेल्या ढिगात चांगल्याच जास्त दिसणार. त्याचा डोळा चांगला आहे, पण माझ्या वाईट विड्याच कमी आहेत!”

बोलता बोलता ती थांबली. शेडमध्ये एकही कात्री चालत नव्हती. अंजुषा खुर्चीतून उतरली आणि तिच्यासमोर जमिनीवर बसली.

“पुष्पेच्ची,” ती म्हणाली, “ते मशीन म्हणजे दामोदरन मेस्त्री.”

पुष्पेच्चीने मेस्त्रीकडे बघितलं. मेस्त्रीने मशीनसारखं तोंड करायचा प्रयत्न केला.

“हजार बाया त्या बसमध्ये गेल्या,” अंजुषा सांगू लागली, “तर खरा आजार दहाजणींना. मशीन त्यांतल्या नऊजणींना पकडतं. आणि ज्यांना काही नाही त्यांतल्याही नव्वदजणींना संशयाने बाजूला काढतं. फोन येतो तो या सगळ्या मिळून जवळजवळ शंभरजणींना. तुम्हाला फोन आला म्हणजे तुम्ही छाटलेल्यांत आहात. वाईट आहात असं अजून कुणीच म्हणालेलं नाही.”

“म्हणजे मला काही नाही?” पुष्पेच्चीने विचारलं. असा बारीक आवाज मी तिच्या तोंडून कधी ऐकला नव्हता.

माझी पोरगी ‘हो’ म्हणेल असं मला वाटलं. मी तिच्या जागी असते तर म्हणाले असते. सगळं शेड तिने हो म्हणावं म्हणून वाट बघत होतं.

“तसं मी सांगू शकत नाही,” अंजुषा म्हणाली. “शंभरांतल्या नऊजणी खऱ्याच असतात. तुम्ही नव्वदांतल्या की नऊंतल्या, मला माहीत नाही. मशीनलाही माहीत नाही. ते दुसऱ्या तपासणीतच कळतं. नऊंतल्या असलात तर लवकर कळलेलं बरं, एवढं नक्की.”

पुष्पेच्ची खाली बघत राहिली. तिच्या हातात अर्धी वळलेली विडी होती. मग दामोदरन मेस्त्री बोलला. तो एरवी ‘सैल आहे’ आणि ‘फाटकी आहे’ यापलीकडे बोलत नाही.

“दुसरी छाननी कुणामुळे मिळाली इथे?” तो म्हणाला. “मालकाच्या काळात छाटलेल्या विड्या थेट त्याच्या पोत्यात जायच्या. वळणाऱ्याला बघायलाही मिळायच्या नाहीत. छाटलेली प्रत्येक विडी वळणाऱ्यासमोर पुन्हा तपासायची, यासाठी संप झाला तेव्हा तू परकर नेसत होतीस आणि फाटकासमोर उन्हात बसली होतीस. आजवर एक दिवस तरी माझ्याकडून दुसरी छाननी करून घेतल्याशिवाय घरी गेलीस का? ताप होता त्या दिवशीही गेली नाहीस. एका एका विडीसाठी माझा जीव खाल्लास. आणि आता स्वतःची दुसरी छाननी सोडून देतेस?”

पुष्पेच्चीने हातातली विडी पुरी केली, तोंड मोडलं, दोरा बांधला. मग शैलजाकडे हात केला.

“माझी कात्री दे,” ती म्हणाली.

शैलजाने दिली. माझ्या सुपातला पत्राही ती घेऊन गेली.

“परत कोण सांगणार?” मी विचारलं. रीत ती रीत.

“मी सांगेन,” पुष्पेच्ची म्हणाली. “पण आज नाही. जाऊन आल्यावर सांगेन. माझ्याकडे उधार राहिलं.”

म्हणून त्या दिवशी कात्र्या वाजल्या नाहीत. अंजुषाने विचारलं नाही, पण तिने वाट बघितली ती मला दिसली.

आम्ही तिघी कण्णूरला गेलो. दुसरी तपासणी झाली, सुईने तुकडा काढला, आठवड्याने बोलावलं. त्या आठवड्यात पुष्पेच्ची रोज मेस्त्रीशी भांडली. मग निकाल आला. पुष्पेच्ची नऊंतली निघाली.

लहान गाठ होती. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, “वेळेत आलात. वर्षभराने आला असतात तर मी असं हसून बोलले नसते.” पुष्पेच्चीने मान हलवली आणि ऑपरेशनची तारीख विचारली. बाहेर फणसाच्या झाडाखाली अंजुषा मात्र ढसाढसा रडत होती.

“अम्मा, मी तिला आशा लावली. नव्वद, नव्वद म्हणत राहिले.”

“नऊही म्हणालीस.”

“ते कोण लक्षात ठेवतं? लोकांना हवं तेच ऐकू येतं.”

मी तिला चहा पाजला. ती कोचीला गेली आणि कित्येक महिने ‘ऊहम’ बंद राहिला. दुबईहून लोक विचारत होते म्हणे. मी फोन केला की ती कॉलेजबद्दल बोलायची, पावसाबद्दल बोलायची. मला वाटलं, आपणच तिला त्या खुर्चीत बसवून तिचं तोंड बंद केलं.

पुष्पेच्चीचं ऑपरेशन झालं, पुढची औषधं झाली. केस गेले. तिच्या वाटच्या विड्या आम्ही वळत होतो आणि मेस्त्री त्या न छाटता घेत होता. मग एका सकाळी ती डोक्याला टॉवेल गुंडाळून शेडमध्ये आली, आपल्या जागेवर बसली आणि म्हणाली, “चंद्री, पोरीला बोलाव. आणि तिला सांग, तो माइक आण. माझं उधार आहे.”

अंजुषा आली. दारातच उभी राहिली. पुष्पेच्चीने तिला हाताला धरून खुर्चीत बसवलं, आपण बाकावर बसली आणि माइक आपल्याकडे ओढला.

“ऐका,” ती म्हणाली. “मी परत सांगते. हजार विड्यांत वाईट दहा. मेस्त्रीचा डोळा चांगला, म्हणून त्यांतल्या नऊ पकडतो. पण मेस्त्री भित्रा, म्हणून चांगल्यांतल्याही नव्वद फेकतो. फेकलेल्या ढिगाकडे बघून ‘सगळ्या वाईट’ म्हणणारा मूर्ख. तशी मूर्ख मी होते. आणि त्याच ढिगाकडे बघून ‘सगळ्या चांगल्या’ म्हणणारा लबाड. ही पोरगी लबाड नाही. मी हिला तोंडावर विचारलं, मला काही नाही ना? हो म्हणाली असती तर मला त्या दिवशी गोड लागलं असतं आणि निकालाच्या दिवशी मी हिच्या तोंडावर थुंकले असते. परत त्या इस्पितळाची पायरी चढले नसते. हिने नव्वद सांगितले आणि नऊही सांगितले. मी नऊंतली निघाले तेव्हा मला कुणी फसवलेलं नव्हतं. म्हणून मी तिथल्या तिथे ऑपरेशनला तयार झाले. झालं माझं सांगून. चुकलं का काही?”

अंजुषाने मानेनेच नाही म्हटलं.

आणि मग कात्र्या वाजल्या. सगळ्या शेडमध्ये, सगळ्या पत्र्यांवर, एकदम. माझे वडील गेले त्या दिवशी वाजल्या होत्या तशा. माझ्या लेकीने दोन्ही हातांनी खुर्चीचे हात धरले होते आणि तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. ती तेव्हा हुबेहूब अंबूंसारखी दिसत होती. मी ओरडून सांगितलं, “ही माझी मुलगी!” सगळ्यांना ते माहीतच होतं, पण मला सांगायचं होतं.

मग शैलजा उठली. तिने आपल्या सुपातल्या मूठभर विड्या उचलल्या आणि खुर्चीसमोर रिकामं सूप होतं त्यात टाकल्या. तिच्या मागे दुसरी उठली, मग तिसरी. वाचकाच्या वाटच्या विड्या बाकीच्यांनी वळून द्यायच्या, ही रीत. कॉलेजात पगार घेणाऱ्या माझ्या पोरीला त्या कशाला हव्या होत्या? पण तिने ते सूप मांडीवर घेतलं आणि दोन्ही हातांनी धरून बसली.

दामोदरन मेस्त्री आला. त्याने चष्मा लावला, अंजुषाच्या मांडीवरचं सूप पुढ्यात ओढलं, एक विडी उचलली, उजेडात फिरवून बघितली आणि बाजूला फेकली.

“सैल आहे,” तो म्हणाला.

पुष्पेच्ची डोक्याचा टॉवेल सावरत बाकावरून उठली आणि सगळ्या शेडला ऐकू जाईल अशी ओरडली, “दुसरी छाननी!”